बापाची कातडी

उमरगा, ४ फेब्रुवारी १९६४

चि. राघवेंद्र यास नारायणदादाचे अनेक आशीर्वाद. इकडं क्षेम आहे असं लिहायला हात धजत नाही.

आमची चारू कढत्या पाण्यानं भाजली, हे तुला तारेनं कळलंच. पाठ सगळी सोलली. सोलापूरच्या डॉक्टरांनी माझ्या मांडीची कातडी काढून तिच्या जखमेवर बसवली. आधी छान धरली, गुलाबी झाली. मग सुजली, काळी पडली अन् पट्टीबरोबर सुटून आली. डॉक्टर सहज म्हणाले, पोरीच्या रक्तानं परकी कातडी ओळखली. परकी! अरे, बापाची कातडी परकी?

शेजारच्या कापडवाल्या कल्याणप्पाला हे बोललो, तर तो म्हणाला, मालक, रक्त रक्ताला ओळखतं. अन् कापड मोजू लागला. त्याचं ते बोलणं मला लई लागलं. चारूचे घारे डोळे आपल्या घरात कुणाचेच नाहीत. लग्नानंतर माझी बदली झाली तेव्हा शामला तुळजापुरी माहेरीच होती. तिला सरळ विचारलं, तर एक अक्षर बोलली नाही. मनात काळं असल्याशिवाय माणूस गप बसतं का?

तू डॉक्टरकीच्या कॉलेजात शिकवतोस. खरं काय ते लिही, भाऊ म्हणून झाकू नकोस. पोरगी बरी झाली की मायलेकींना तुळजापुरी पोचवून मी मोकळा होणार.

तुझा,
नारायण


हैदराबाद, ९ फेब्रुवारी १९६४

ती. दादांस राघवेंद्रचा शि. सा. न. पत्र वाचून राग आला, तो आधी लिहितो. कल्याणप्पानं कापड फाडावं, लोकांची घरं फाडू नयेत.

रक्त ओळखतं हे खरंच, म्हणून तर कातडी गळाली! आपल्या अंगातल्या पेशीपेशीवर घराण्याची खूण असते. चारूला निम्मी तुमची आली, निम्मी वहिनींची. तुमची उरलेली निम्मी तिच्यापर्यंत पोचलीच नाही, अन् तीच तिच्या रक्ताला अनोळखी वाटली. रक्तातल्या काही पांढऱ्या पेशी सारख्या गस्त घालत असतात. अनोळखी खूण दिसली की त्या वाढतात, जखमेत शिरतात अन् परक्या पेशीला अंगाला अंग भिडवून मारतात. शेजारीच असलेल्या आपल्या पेशीला धक्का लावत नाहीत. त्या नेमक्या कशानं मारतात, हे अजून आम्हालाही उमगलेलं नाही.

आई, बाप, सख्खा भाऊ, कुणाचीच कातडी टिकत नाही. एका बीजाची जुळी तेवढी सुटतात. डॉक्टरांनी तुमची कातडी लावली ती पोरगी सावरेपर्यंतचं पांघरूण म्हणून. पुढं तिचीच लावतील. एवढा संशय असेल तर वहिनींची लावून बघा. तीही काळी पडेल. मग चारू वहिनींच्याही पोटची नव्हे म्हणाल का?

रागावलो तरी माया पातळ होऊ देऊ नका.
राघू


तुळजापूर, १२ एप्रिल १९६४

चि. राघवेंद्र भावजींस शामलावहिनीचे आशीर्वाद. चारू आता हिंडतेफिरते. तिच्याच पायाची कातडी पाठीवर धरली आहे.

तुमचं पत्र यांनी डॉक्टरांना दाखवलं. आणखी एक पांघरूण लागणारच होतं. मी मांडी पुढं केली ती लेकरासाठी. पण हे रोज पट्टी सोडताना कातडीकडं बघायचे, लेकराकडं नाही. चारू तापानं फणफणलेली, अन् माझी कातडी काळी पडलेली बघून यांचा चेहरा उजळला! म्हणाले, शामला, राघूचं खरं निघालं. भावजी, त्या घडीला मला यांची किळस आली. दवाखान्यातून सुटल्यावर मी लेकीला घेऊन सरळ इथं आले.

परवा हे न्यायला आले, कल्याणप्पाच्या दुकानातली साडी घेऊन. मी विचारलं, भावजींचं खरं, पांढऱ्या पेशींचं खरं, मग माझं काय? तर म्हणाले, तूही तेव्हा बोलायला हवं होतंस. काय बोलायचं होतं मी? तुम्हीच सांगा.

चारूसाठी दर रविवारी या, असं सांगून यांना एकट्यालाच बसमध्ये बसवलं. तुम्ही आता मध्ये पडू नका. चारू विचारत होती, आपण घरी कधी जायचं? मी म्हटलं, आपण घरीच आहोत.

तुमचा जीव आहे तसाच आम्हा दोघींवर राहू द्या.
शामला