टाकीतील निळे पाणी

दि. १४ मे २०२५, पहाटे ५.३०. गच्चीवरच्या टाकीत ६९० लिटर पाणी. काल सायंकाळी १००० होते आणि रात्रभर एकही नळ उघडलेला नाही.

चि. शिवकन्या,

तू रात्रपाळीहून येशील तेव्हा मी कळंबच्या एसटीत असेन. नळाला पाणी येणार नाही; झडप मीच बंद केली आहे. झडप लावण्याआधी भरलेल्या पिंपातले पाणी निळे दिसेल, घाबरू नकोस. काल सायंकाळी टाकीत मी तुझी कपड्यांची नीळ घातली आहे. पिण्याच्या घागरी वेगळ्या आहेत.

काल लिंबोणीखाली रामहरी पाणाड्याच्या तळहातावर नारळ उभा राहिला. "अण्णा, लई जवळ पाणी हाय हितं!" म्हणाला, आणि बोअरची जागा ठरली. पण मे महिन्यात ती एकटी लिंबोणीच एवढी हिरवी कशी, हे कोडे मला सुटेना. आज तिथे वीतभर उकरले, तर निळा चिखल लागला. टाकीची नळी तिथेच फुटली आहे.

नऊला बोअरची गाडी येईल, ती परत पाठव. गाडीवाला शंभू चिडला तर त्याला खड्डा दाखव.

टँकरचे पाणी दोन दिवसांत संपते म्हणून मी तुझ्या वॉशिंग मशीनला बोल लावला. तू "बरं, अण्णा" एवढेच म्हणालीस आणि महिनाभर गणवेश हाताने धुतलेस. मी कळंबहून नळीचा जोड घेऊन येतो. तो बसला की मशीन लाव.

नारळ नेमका तिथेच कसा उभा राहिला, हे मात्र अजून उमगलेले नाही. रामहरीला सायंकाळी चहाला बोलावले आहे.

— अण्णा

ता. क. झडप बंद केल्यावर तासाभरात टाकीतून गेलेले पाणी : शून्य लिटर.