गार्डाच्या डब्यातलं गठुडं

रेल्वे कॉलनी, भिलाई
ता. ८ नोव्हेंबर १९६१

चि. सत्यशीला हिस भागीरथाताईचे अनेक आशीर्वाद व सप्रेम जयभीम वि. वि.

तुझं पत्र पोचलं. मी वाचायच्या आधी साऱ्या कॉलनीनं ऐकलं, कारण तुझ्या भाऊजीनं गार्डाच्या ड्युटीवरून येता येता ते चार ठिकाणी वाचून दाखवलं. आमची साळी नागपुरात पीएच.डी. करून राहिली, चोरटा गांजा कुठून येते अन् त्याचा पैसा कोण्या पुढाऱ्याच्या इलेक्शनात जाते ते शोधून राहिली, असं हिंदीतूनही सांगतलं. म्हणजे शेजारच्या सरदारजीलेही कळलं पाहिजे.

मी रांधलेलं कसं झालं, हे त्या माणसानं आजवर कोणाले सांगतलं नाही. मॅट्रिकले माझे मार्क तुझ्याहून जास्त होते, बाई. बाबानं माझं लगन केलं अन् तुले कॉलेजात घातलं. खरं सांगते, मी जळते तुझ्यावर. पोटात दुखते, अन् ओवा खाऊन जात नाही.

गार्डाच्या डब्यातून गठुडं पाठवलं आहे, तिखट अन् लाखोळीची डाळ. डोंगरगडले गार्ड बदलला की हातोहात पुढे येईल. आपल्या लोकाईचं गठुडं कोणी उघडून पाहत नाही. शिकलेलीनं बहिणीले विसरू नये, इतकंच मागणं.

भागीरथा


नागपूर
ता. २ डिसेंबर १९६१

ती. ताईस धाकट्या सत्यशीलेचा सप्रेम जयभीम वि. वि.

गठुडं मिळालं, अन् ते पाहूनच माझं डोकं चाललं. मी इतके दिवस ट्रक अन् जंगलं धुंडत होते. चौकशी केली तेव्हा खरं कळलं. गांजा आपल्या गठुड्यांसारखाच येतो. घरचं सामान म्हणून कोणी बांधून देतं, गार्ड न उघडता पुढच्या गार्डाच्या हाती देतो.

हे प्रबंधात छापलं की गार्डांचे डबे तपासतील. भाऊजी तर अख्ख्या कॉलनीची गठुडी नेतात. एखाद्यात काही निघालं तर नोकरी त्यांची जाईल. माझे गाईड सर म्हणतात, प्रबंधातल्या या प्रकरणाशिवाय डिग्रीची आशा सोडा. मी ते काढून टाकते आहे. उमरेडच्या शाळेत मास्तरीण लागेन. तुला बरंच वाटेल, असं आपलं गमतीनं म्हणते. भाऊजींना जयभीम सांग. लोभ आहेच, तो रुसव्यासकट असू दे.

तुझी सत्यशीला


रेल्वे कॉलनी, भिलाई
ता. २० डिसेंबर १९६१

चि. सत्यशीला, जयभीम.

तुझं पत्र वाचलं अन् आधी मले बरंच वाटलं. खोटं कावून बोलू? जास्तीची साखर टाकून चहा केला. मग जो राग आला, तो अजून जाऊन नाही राहिला.

तुझ्या भाऊजीले सांगतलं. ते जेवले नाही. दुसऱ्या दिवशी स्वतः साहेबाकडे गेले, आजवर लोकाईची गठुडी न पाहता नेत होतो म्हणून सांगून आले. नोकरी राहिली, पण बढती थांबली. आता आमच्या घरून कोणाचंच गठुडं जात नाही. कॉलनीतल्या पंचफुलाबाईनं बाळंतीण लेकीले धाडायले दिलेले डिंकाचे लाडू मीच परत नेऊन दिले. तेव्हापासून नळावर माझ्याशी कोणी बोलत नाही.

म्हणून आता तुझ्याजवळ बहाणा उरला नाही. मले जे भेटलं नाही म्हणून मी इतकी वर्षं जळली, ते तू फेकून देशील अन् वरून माझ्या संसारासाठी फेकलं म्हणशील? ते प्रकरण छाप अन् डिग्री घे. तुझ्यावर जळायची मले सवय आहे. तुझी कीव करणं मले या जन्मी जमणार नाही.

तुझी ताई
भागीरथा