बाईएवढी कोरी जागा

१२ मार्च १९३८, नवेगाव बांध

मिशा काढल्या. बाबांनी पाहिलं आणि पाठ फिरवली.

इतकी वर्षं हेच. दंडारीच्या नाच-नाटकात बाई व्हायचं म्हणून मी वस्तरा लावतो, आणि मिशा पुन्हा वाढेपर्यंत बाबांचा अबोला. मुलाने मिशा उतरवायच्या त्या बाप गेल्यावर! "मी जिता आहो ना रे? मंग कायले काढतस?" हे एकदाच म्हणाले होते, मी पहिल्यांदा लुगडं नेसलो तेव्हा.

थकलो आहे. गुडघेही कुरकुरतात. पण ही शेवटची वेळ! नंदलाल, गोंदियात तंबूत सिनेमा दाखवतो तो, उद्या कॅमेरा घेऊन येतोय. एकदाच नाचायचं. मग दिवाळीनंतरच्या दर मंडईच्या जत्रेत बाई पडद्यावर, आणि मी मिशांसकट तिच्यासमोर राजा.

१३ मार्च

तळ्याच्या पाळीवर भर उन्हात नाचलो. "हँडल अटक गया भैया, फिर से." असं नंदलालचं चारदा. घरी येऊन पडलो तो पडलोच. बायकोने, शामकलेने, जेवायलाही उठवलं नाही.

२ ऑगस्ट

रीळ धुऊन कलकत्त्याहून आलं. सारं गाव भाताच्या रोवणीच्या चिखलात. दाखवू कोणाला!

१८ सप्टेंबर

पडदा रंगवतोय. भोवती तळं, काठाला मोहाची झाडं, मधोमध बाईएवढी कोरी जागा. तिथेच ती दिसेल. आमचा ढोलकीवाला बकाराम बराच वेळ उभा. "अन् आमी वाजवाव कोनाले पाहून?"

वैताग आला नुसता.

२९ ऑक्टोबर

काल मंडई झाली.

कोऱ्या जागेत ती नेमकी उभी राहिली — अंगावर काटा आला! पण सिनेमाचं मशीन तिला भलत्याच वेगाने नाचवत होतं. बकारामने ढोलकी जलद केली, मग हळू केली, मग हात गुडघ्यावर ठेवून बसला. ती नाचतच होती. लोक आधी गप्प, मग हसायला लागले. "खरी बाई आना!" मी मिशा घेऊन तसाच उभा. मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पडदा सोडवताना मागे बाबा! मला वाटायचं, ते दंडार पाहायला कधी येतच नाहीत.

"दरसाल येतो मी. मांगं उभा रायतो." मग पडद्याकडे पाहून, "थे बाई कोनाकडंच पाहत नाई. तू सबन लोकायकडं पाहतस." मग माझ्याकडे वळून, "पुढच्या साली तूच नाच. काढ मिशा. मी सांगून राहिलो."

पडद्याचं एक टोक त्यांच्या हातात दिलं. दोघांनी मिळून गुंडाळला.

३० ऑक्टोबर

बाबा आज न्याहारीला माझ्याजवळ बसले. बरं वाटलं.

११ नोव्हेंबर

बाबा पहाटे गेले. तळ्याच्या काठी न्हाव्याने माझ्या मिशा काढल्या. पाठ फिरवणारं कोणी नव्हतं.