परागंदा माणसाची सवाष्ण

माय,

तुला जाऊन दोन महिने होत आले आणि पत्र लिहायला मी आज बसलेय. तुला वाचता येत नव्हतं. घरी आलेलं प्रत्येक पत्र मीच तुला वाचून दाखवायची, तसंच हेही मोठ्यानं वाचून दाखवीन म्हणते. नांदेडात दुपारचं ऊन असं पडलंय की शेजारपाजारचे सगळे खिडक्या लावून झोपलेत. ऐकणारं कुणी नाही.

आजच का, ते आधी सांगते. काल मी आणि बालाजी जळकोटला तलाठ्याकडं गेलो होतो, वारसाच्या नोंदीसाठी. ते दीड एकर अजून अण्णांच्याच नावावर आहे. तलाठीण नवीन आलीय, लातूर शहरातली, कामाला चोख. तिनं सातबारा पाहिला आणि विचारलं, "वडील?"

"परागंदा," बालाजी म्हणाला.

"म्हणजे मयत का?"

"न्हाई. परागंदा."

तिनं हा शब्द कधी ऐकलाच नव्हता. बालाजी माझ्याकडं वळला. "आक्का, तू सांग की. तू तर मराठी शिकवलीस जन्मभर."

मग मी सांगितलं. शब्द फारसीतून आलाय, मूळ अर्थ विखुरलेलं, पांगलेलं. आपल्याकडं भीतीपोटी, नाहीतर संकटापायी, घरदार टाकून दूर निघून गेलेल्या माणसाला परागंदा म्हणतात. ती म्हणाली, "बरं, म्हणजे बेपत्ता. मग मॅडम, कोर्टातून आणावं लागेल. नाहीतर मृत्यूचा दाखला." आम्ही उठून आलो.

शब्दाचा अर्थ सांगितला मी. अण्णांचं खरं काय झालं ते नाही सांगितलं. ते मला त्याच्याही महिनाभर आधीपासून माहीत होतं. माझा भाऊ शेजारच्या खुर्चीवर बसून सत्तेचाळीस वर्षांचं खोटं बोलत होता, त्याला ते खोटं आहे हे ठाऊकही नव्हतं, आणि मी गप्प बसले. घरी येताना बसमध्ये मला तुझा इतका राग आला, माय, की वाटलं तू समोर असायला हवी होतीस.

हा शब्द आपल्या घरात अण्णांच्या भावानं, तात्यांनी आणला. म्हातारे लोक सांगायचे, रझाकारांच्या वेळी आपलं घर सहा महिने परागंदा झालं होतं आणि मग परत आलं. त्यात लाज नव्हती. गावंच्या गावं गेली होती आणि आली होती. अण्णांनी मात्र वाटणी मागितली, दोघा भावांचं भांडण झालं, अण्णा "माझं घर मी उभं करतो" म्हणून पिशवी घेऊन निघाले, आणि तात्या ओसरीवर चार माणसांत म्हणाले, "झाला परागंदा. बायकालेकरं टाकून पळाला." मी नऊ वर्षांची होते, बालाजी चारचा. त्या दिवसापासून तो शब्द अण्णांचं नाव होऊन बसला.

आणि तू तो उचललास. तुला अक्षरओळख नव्हती, पण एवढा जड शब्द तू किती बिनचूक वापरायचीस! शाळेत नाव घालताना गुरुजींनी विचारलं की परागंदा. रेशन कार्डाला परागंदा. माझ्या सोयरिकीच्या वेळी पाहुण्यांनी घसा खाकरून विषय काढला, तेव्हा तू पदर सावरून म्हणालीस, "धनी परागंदा हायत. येतील." येतील, असं तू म्हणालीस. मी पडद्यामागं उभी होते.

त्या "येतील"वर मी काय काय केलं, आठवतं तुला? एसटी स्टँडवर उतरणाऱ्या प्रत्येक उंच माणसाचं तोंड मी बघायची. लग्नात कन्यादानाला तात्या बसले, आणि अंतरपाट धरला तरी माझं लक्ष मांडवाच्या दाराकडं. पहिला पगार झाल्यावर अण्णांचा एकुलता एक फोटो घेऊन मी पेपरात जाहिरात दिली होती. तुला ती वाचून दाखवली. "जिथे असाल तिथून घरी या, कुणी काही बोलणार नाही." तू ऐकून घेतलंस, आणि भाकरी उलटलीस. कसं जमलं तुला?

आणि धर्माबाद! मला मुख्याध्यापकाच्या जागेवर धर्माबादला जायचं होतं. ऑर्डर हातात होती. तू दोन दिवस जेवली नाहीस. "तिकडं नगं. मिरच्यांचा ठसका लई, तुला दमा व्हईल." मिरचीचा बाजार गावाच्या एका टोकाला, मी शाळेत राहणार, काहीतरी बोलत होतीस. पण तुझ्यासाठी मी ती जागा सोडली. बिलोलीत साधी शिक्षिका म्हणून आणखी अकरा वर्षं काढली. मला वाटलं, म्हातारपणी माणूस एकेका गोष्टीचा धसका घेतं.

तुझं तेरावं झालं आणि आठवडाभरानं जळकोटच्या घरी सायन्ना आले. बालाजी दुकानात पाण्याच्या मोटारींचं वाइंडिंग करत होता. मी एकटी तुझी लुगडी निवडत बसले होते. दारात एक वाकलेले म्हातारे, धोतर, हातात केळ्यांची फणी. म्हणाले, पेपरात तुझी बातमी वाचली, धर्माबादहून आलो. मी पाणी दिलं.

"लई हिमतीची होती बाई," ते म्हणाले. "अण्णाच्या मागं एवढी वर्सं काढली."

"अण्णांच्या मागं म्हणजे?"

"म्हंजे अण्णा वारल्यावर."

त्यांना वाटलं, मला माहीत आहे. पोरं मोठी झाल्यावर तू सांगितलंच असशील, असं ते धरून चालले होते. माझं तोंड बघून त्यांच्या ध्यानात आलं आणि हातातलं पाणी तसंच राहिलं. मग मी एकेक विचारत गेले आणि ते खाली मान घालून सांगत गेले.

अण्णा धर्माबादला मिरचीच्या बाजारात कामाला लागले होते, सायन्नांच्या बरोबर. सात महिने राहिले. कावीळ झाली, अंगावर काढली, नांदेडला न्यायचं ठरलं त्याच दिवशी गेले. सायन्नांनी आणि चार हमालांनी त्यांना गोदावरीकाठी अग्नी दिला. पाचव्या दिवशी सायन्ना पिशवी घेऊन जळकोटला आले. तू मागल्या दारी भांडी घासत होतीस.

"रडल्या न्हाईत," सायन्ना म्हणाले. "राखेचा हात तसाच. म्हनल्या, दादा, हे कुनाला बोललास तर तुला माझ्या लेकरांची आन हाय. पिशवी बी घेतली न्हाई. घरात नेली तर इचारतील म्हनल्या. आत दोन सदरे होते. मीच घातले, फाटेपत्तूर."

आमची आण घातलीस! म्हणजे तो भला माणूस सत्तेचाळीस वर्षं गप्प बसला, ते मला आणि बालाजीला काही होऊ नये म्हणून.

का केलंस, हे मला कळत नाही असं नाही. सुमनआत्या मला आठवते. तिचा नवरा गेला, तेराव्या दिवशी तिला माहेरी घालवून दिलं, दोन्ही पोरं सासरी ठेवून घेतली, आणि परत आणायला कुणी गेलं नाही. ते तू डोळ्यांनी बघितलं होतंस. विधवेला त्या घरातून काढता आलं असतं. परागंदा माणसाच्या बायकोला काढता येत नव्हतं. तो उद्या परत येऊन माझी माणसं कुठं आहेत विचारील, ही धास्ती तात्यांना होती. तुझ्या कपाळावर कुंकू होतं तोवर आमची चूल जागची हलणार नव्हती. एवढं सगळं तू भांडी घासता घासता, एका क्षणात ओळखलंस. तुझ्या अकलेला मी हात जोडते.

पण तात्या जाऊन वीस वर्षं झाली, माय. तेव्हा कुणाची भीती होती? मी पन्नाशीला आले, मला नातू झाला, तेव्हाही तोंड उघडायला तुला काय झालं होतं? बालाजीला नाही, गावाला नाही, पण मला एकटीला? मी तुझी पत्रं वाचायची, तुझ्या औषधांच्या वेळा सांभाळायची. तुझ्या पोटातली एकच गोष्ट मला ठाऊक नव्हती, आणि नेमकी तीच माझ्या जन्माची होती.

तू गेलीस तेव्हा गल्लीतल्या बायका ओळीनं आल्या. तुला हिरवं लुगडं नेसवलं, ओटी भरली. मळवट मी माझ्या हातानं भरला. "भाग्याची, अहेव गेली," म्हणत बायकांनी तुझे पाय धरले. मला अभिमान वाटला, खोटं कशाला सांगू. आता तो हात मला माझा वाटत नाही. तू मला न विचारता माझ्याकडून ते करून घेतलंस.

एक गोष्ट मात्र मागाहून ध्यानात आली. तुला सवाष्ण म्हणून जेवायला बोलावणं यायचं, श्रावणात, नवरात्रात. पहिल्यांदा आलं तेव्हा गल्लीत वादही झाला होता, परागंदाची बायको सवाष्णीत धरायची का. म्हाताऱ्यांनी निकाल दिला, "माणूस मेल्याचं कळलं न्हाई तवर कुंकू खरं." तरी तू एकदाही त्या पाटावर बसली नाहीस. कधी पाय दुखायचे, कधी उपास निघायचा. मी म्हणायची, माय लाजते. कुंकू घेतलंस, पण त्याचा मान घेतला नाहीस. हे कळल्यावर राग उतरायला पाहिजे होता. थोडा उतरला असेल. सगळा नाही.

कारण तुझ्या कुंकवापायी अण्णांना उपाशी ठेवलंस. दर सर्वपित्रीला आजोबांचं पान निघालं, पुढं तात्यांचं निघालं, अण्णांचं कधीच नाही. जिवंत माणसाचं पान कसं वाढणार? मी खूप आठवून पाहिलं, त्या दिवशी तू कुठं बाजूला बसून डोळे पुसलेस का, एखादा घास काढून ठेवलास का. काही आठवत नाही. तुझी तेवढी चोरी जरी मला सापडली असती, तरी बरं वाटलं असतं.

आणि बालाजी. त्याचं काय करू, ते सांग. शाळेत त्याला पोरं "पळपुट्याचा" म्हणायची. तू ऐकायचीस. तो रडत यायचा आणि तू त्याला जवळ घ्यायचीस, पण सांगायची नाहीस. पुण्याला कंपनीत नोकरी लागली होती, तो गेला नाही. "मी माणसं टाकून जानाऱ्यातला न्हाई," म्हणाला. बावन्न वर्षांचा झालाय, अजून एक रात्र घराबाहेर काढत नाही. मुलीच्या लग्नपत्रिकेत त्यानं आजोबांचं नाव घालू दिलं नाही. काल मला नांदेडच्या बसमध्ये बसवून देताना तो म्हणाला, "मेला तरी असंल का गं तो? का बसलाय कुठं दुसरा संसार थाटून?" मी तिकिटाचे सुटे पैसे शोधायला लागले. तुझीच लेक मी. एक महिना झाला, मीही तेच करतेय जे तू केलंस. बालाजीला धक्का बसेल, गाव तुझ्यावर बोलेल, अहेव म्हणून पाय धरलेल्या बायका तोंडं फिरवतील, अशी एकेक कारणं मी रोज काढते. तुझीही अशीच निघत गेली असतील ना? आधी भीतीपायी, मग सवयीनं?

म्हणून हे पत्र. तुला विचारायला नाही, कळवायला लिहितेय. उद्या सकाळच्या बसनं मी जळकोटला जाणार आहे. बालाजीला दुकान बंद करायला लावून समोर बसवणार आहे. त्याला घेऊन धर्माबादला जाईन. सायन्नांना तुझ्या आणेतून मी सोडवलंय, ते जबाब द्यायला तयार आहेत. दाखला मिळो न मिळो, येत्या सर्वपित्रीला अण्णांचं पान निघेल. गावानं विचारलं तर मी खरं तेच सांगेन. तुझ्या नावाला बट्टा लागेल, माय, आणि मी तो पुसायला येणार नाही. अण्णांनी तो एवढी वर्षं सोसला, आता थोडा तूही सोस.

पण एक वचन देते. बालाजीशी बोलताना सुरुवात तुझ्यापासून करणार नाही. सायन्नांनी उठता उठता जे सांगितलं, ते मी अजून कुणापाशी बोलले नाही, तुझ्यापाशीही नाही. बहुधा तुलाही ते माहीत नसेल, कारण तू त्यांना पुरतं बोलू दिलं नाहीस. आजारी पडायच्या आधी अण्णांनी धर्माबादला एक खोली बघून ठेवली होती. हातानं चुना मारला होता. शाळेत जाऊन, पोरगी चौथीत आहे, मधेच नाव घालता येईल का, एवढं विचारून आले होते.

तेव्हा उद्या मी बालाजीला पहिलं वाक्य हे सांगणार आहे: अण्णा आपल्याला न्यायला येणार होते.

तुझी आणि अण्णांची,
शोभा