बाहेरून कडी

दादा,

काल तुझ्या स्मारक-फेरीत मीही होते, तोंडाला ओढणी गुंडाळून. जळालेला कारखाना तू लोकांना फिरवून दाखवतोस, हे कानावर होतं. पण शिलाईच्या खोलीत आम्हाला कोंडून तू बाहेरून कडी घातलीस आणि ओरडलास, "एक मिनिट अनुभव घ्या!" आत लोक खिदळत होते. कुणीतरी भुताचा आवाज काढला. आग लागली तेव्हा त्याच कडीपायी बाबा आत अडकून गेले रे! आई अजून न्हाणीघराची कडी लावत नाही. दाराला बादली टेकवून अंघोळ करते.

दार उघडून, पायरीवर उभा राहून तू म्हणालास, "बाबांनी शेवटची हाक मलाच मारली," आणि डोळे पुसलेस. आगीच्या दिवशी तू परगावी मामाकडे होतास. तरी मनात आलं, हाक खोटी, पण रडू तरी खरं असेल. म्हणून पुढच्या फेरीलाही थांबले. तू त्याच पायरीवर, त्याच वाक्याला रडलास.

हे पत्र पेटीत टाकणार नाही. टाकलं, तर उद्या तू तेही त्या पायरीवर उभं राहून, रडत वाचून दाखवशील.

धाकटी
(तुझी म्हणायला जीभ रेटत नाही)