नाल्यापल्याडची हाक

९ नोव्हें., इंझोरी
आज बायकोनं सांगूनच टाकलं. "आता सुजीच्या नावानं मले हाक मारत जाऊ नका." सुजाता, आमची एकुलती लेक, डेंग्यूनं गेली त्याले सहा महिने झाले. अन् मी रोज बांधावरून तिचंच नाव घेतो. लग्नाले एकतीस वर्षं झाली, बायकोचं नाव कधी मोठ्यानं घेतलं नाई. "सुजेऽऽ" म्हटलं की नाल्यापल्याड कापूस वेचत असलेली तिची माय "ओऽऽ" देते. आता कसं बलावू?

१०.
जेवाले बलावाले ताट वाजवलं. तिले वाटलं ज्वारीवर पाखरं आली. तिकडून तीही हाऽऽ हाऽऽ करत सुटली. भाकर गार. मोबाईलले तिथं रेंज नाई.

१२.
तिच्या नावानंच हाक मारायची ठरवलं. शांता. कंडक्टर होतो तवाचं सारं आठवलं. गळ्यातून नाई, पोटातून काढायचं. वारा पाठीशी. शेवटचं अक्षर ताणायचं. "मानोराऽऽ" म्हटलं की सारा स्टँड मागं पाहे. पण "शांता" तोंडातच राह्यलं. लाज वाटली. साठीचा माणूस, च्यामारी!

१३.
मारली. तीनदा. तिनं मान वर केली नाई. बाजूच्या वावरातल्या कमलाबाईनं सांगितलं तवा आली.
"कोन बलावत होतं?"
"मीच."
"मले वाटलं दुसऱ्या कोनाले बलावून राह्यले."
 

१५.
रोज मारतो. आवाज पोचते, पण तिले ते नाव आपलं वाटतच नाई. त्या नावानं बलावणारे माहेरचे होते, तेही गेले. घसा बसला. याचं काही होणार नाई.

१७.
दुपारी तुरीतून रानडुक्कर निघालं, सरळ तिच्या मागं. ती वाकलेली. मी बांधावर. "शांता" दोनदा, काही नाई. मग कुठून निघालं कोन जाणे, "सुजेऽऽऽ!"
"ओऽऽ" करत उठली, वळली, डुक्कर पाहून बाजूले झाली. ते कापसाच्या पराटीतून निघून गेलं.
नाला उतरून पयतच गेलो. सरीत बसून रडून राह्यली होती. वाटलं, आता ती मले शिव्या देईन. पदरानं तोंड पुसलं अन् म्हणाली, "त्याच नावानं अजून एकदा हाक मारा बरं."
तोंड उघडलं. आवाज निघाला नाई.