मयताची वारस

गोरेगाव, जि. हिंगोली

प्रिय साधना वहिनी,

तुझा फोन भावाकडे असतो, म्हणून हे पत्र. चाँदबी मावशी लग्नाचा चुडा भरायला तुझ्याकडे येणार आहे, तिच्याच टोपलीत घालून देते. नणंदेची चिठ्ठी म्हणजे काहीतरी टोचणारंच असणार, असं वाटलं ना तुला? वाटू दे. तू होतीस तोवर तुझ्या भाकरीला नावं ठेवली, आता माझी मलाच थापावी लागते. बापू मुकाट्यानं खातात. तुझ्यासारखी होत नाही हे ते बोलत नाहीत, पण मला कळतं.

दादाच्या पगाराची केस अजून चालू आहे. त्यानं आणि हैदरभाईनं मिळून अर्ज केला होता, आठवतं? हळदीच्या गोदामात दोघं पॉलिशच्या मशीनवर राबले आणि ठेकेदारानं आज देतो, उद्या देतो करून चार महिन्यांचा पगार बुडवला. हंगामी कामगाराला कुठला आलाय कायदा, असं दादा म्हणत होता. तेव्हा तूच त्याला झापलंस, पोट काय हंगामी असतंय का म्हणून. तुझ्यामुळेच तो हिंगोलीला कामगार कार्यालयात गेला.

आता ठेकेदार म्हणतोय, असा माणूस आमच्याकडे नव्हताच. मेला खोटारडा. घरी यायचा तेव्हा दादाच्या पापण्यासुद्धा पिवळ्या असायच्या. नवरा केलाय का हळकुंड, असं तू चिडवायचीस आणि तो हसत न्हाणीत पळायचा. पुढं कावीळ झाली तेव्हाही आपल्याला ती हळदच वाटली गं. डोळे पिवळे दिसले, तर धूळ गेली असेल म्हणालो. कळलं तेव्हा दवाखान्यापुरते पैसेही हातात नव्हते. त्यातच दादा गेला.

हैदरभाईनं दादासाठी शपथेवर सांगितलं, प्रेमसिंग माझ्या बराबर उभा राहून काम करायचा. दुसऱ्या दिवसापासून त्याचंही काम बंद झालं. मग ठेकेदाराच्या वकिलानं नवंच काढलं, की अर्जदार मेला, विषय संपला. कामगार कार्यालयातले साहेब म्हणाले, संपत नाही, वारसाला पुढं चालवता येतो. बापू लगेच उठून उभे राहिले. तर तिथं कळलं, आई नाही, लेकरू नाही, पण बायको हयात असताना बापाचा नंबर लागत नाही. बापू खाली बसले. ते बसणं मला बघवलं नाही.

मग साहेबांनी विचारलं, बायको कुठं आहे? बापू म्हणाले, पोरगी माहेरी हाय. पोरगी का सून? तर म्हणाले, सून कधी म्हणलंच न्हाई तिला, लेकच हाय माझी. वकिलानं तेवढंच धरलं, म्हणजे लग्नाची बायको नाहीच! साहेबांनी सोमवारी तुला समक्ष बोलावलंय. तू आली नाहीस तर दादाचा अर्ज निकाली निघेल.

आणि त्याच आठवड्यात शुक्रवारी तुझं लग्न. स्थळ बापूंनीच शोधलं, त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. लग्न केल्यानं तुझा हक्क जात नाही, हे मी आपल्या वकीलबाईंना खोदून विचारून घेतलंय. दादा गेला त्या दिवशी तू त्याची बायको होतीस, तेवढं पुरे. जे मिळेल ते तुझंच, आम्हाला त्यातलं काही नको. पण बापू म्हणतात, नव्या घरात मेलेल्याचं नाव कानावर गेलं तर पोरीला तकलीफ व्हईल, बुडू दे केस. येऊ नको, असं तुला लिहायला त्यांनीच सांगितलंय.

त्यांचं लिहून झालं. आता माझं. ये वहिनी. रेशनकार्डावरून दादाचं नाव गेलं, ठेकेदाराकडं ते कधी नव्हतंच, आणि शुक्रवारी तुझ्या नावापुढून जाईल. तिथं विचारतील, मयत तुझे कोण? माझा नवरा, असं एकदा सगळ्यांसमोर मोठ्यानं सांग. मग सुखानं नांद. नंतर कुठं बाजारात भेटलो, तर मी तुला वहिनी म्हणणार नाही, नुसती साधना म्हणेन.

तुझीच, शुक्रवारपर्यंत तरी नणंद,
कोमल